शनिवारचा भिडू

“मिशी काढून ये, मग बोलू,” मास्तर म्हणाले.

भोंग्यानं तोंडावर हात ठेवला आणि काहीतरी म्हणाला. मास्तरांनी त्याच्याकडे नुसतं बघितलं. “हात खाली घेऊन बोल.”

“दोन महिने लागले हो वाढवायला.”

“काढायला दोन मिनिटं लागतील. लोक चेहरा बघायला येतात, झुडूप नाही.”

नाटकाच्या वर्गात हशा पिकला. मास्तरांच्या तऱ्हा सगळ्यांना पाठ होत्या. भर दुपारीसुद्धा खोलीतले सगळे दिवे लावायचे. समोरच्याकडे बघूनच बोलायचं. पाठ फिरवून बोललेल्याला उत्तर मिळायचं नाही. “पाठीला तोंड नसतं,” ते म्हणत. आणि सगळ्यात मोठा नियम: समोरच्यानं दिलेलं नाकारायचं नाही. तो म्हणाला आपण पाणबुडीत आहोत, की आपण पाणबुडीत. पुढचं आपण रचायचं.

मास्तरांनी जन्मभर हेच केलं होतं. संहिता नाही, तालीम नाही. प्रेक्षकांनी एक शब्द द्यायचा आणि दोघांनी त्यावर तासभर हसवायचं. मधली बरीच वर्षं ते चित्रपटांतही होते. न्यायाधीश, तिकीट तपासनीस, नवरीचा बाप. रस्त्यात लोक अजून थांबवायचे, “तुम्ही तेच ना, फाशी देणारे?” सहा वर्षांपूर्वी त्यांनी ते काम सोडलं. शेवटच्या चित्रीकरणाची गोष्ट वर्गात प्रत्येकाला माहीत होती. दिग्दर्शक तीनदा ‘कट’ म्हणाला, तरी मास्तर रडतच राहिले. इतके भूमिकेत बुडालेले.

आता शनिवारचा प्रयोग तेवढा उरला होता, आणि तोही डगमगत होता. वीस वर्षं सोबत असलेला भिडू दुखरे गुडघे घेऊन मुलीकडे राहायला गेला होता. नाट्यगृहाच्या व्यवस्थापकानं सांगून टाकलं, “एक शनिवार देतो. नवा भिडू जमला तर ठीक, नाहीतर जादूगार वाट बघतोय.”

भिडू भोंगाच होणार, हे सगळ्यांनी धरूनच ठेवलं होतं. त्याचा आवाज असा, की रस्त्यापलीकडचा न्हावी तिकडून दाद द्यायचा. म्हणून मास्तरांनी पुटपुटीचं नाव घेतलं तेव्हा सगळे एकमेकांकडे बघू लागले.

पुटपुटी सहा महिन्यांचं बाळ छातीशी बांधून यायची. नाव वर्गानंच ठेवलेलं. तिचं बोलणं तिसऱ्या खुर्चीपर्यंतही पोचायचं नाही. मोठ्यानं बोल म्हटलं, की ती झोपलेल्या बाळाकडे बोट दाखवायची.

“मास्तर, राग मानू नका,” भोंगा म्हणाला. मिशी गेल्यामुळे तो अगदीच शाळकरी दिसत होता. “ताईचं काही ऐकूच येत नाही.”

“मला तर तिचा शब्द न् शब्द कळतो. तुझाच कधीकधी कळत नाही.”

मास्तरांसारखं लक्ष देणारा माणूस कुणी पाहिलाच नव्हता. एकदा बाळानं असं भोकाड पसरलं, की सगळ्यांची कामं थांबली. मास्तर मात्र समोरच्या मुलीच्या चेहऱ्यावरून नजर न हलवता पाणबुडी चालवत राहिले.

“माझ्यामुळे शनिवार गेला तर?” पुटपुटीनं विचारलं.

“तर दोघं जादूगाराकडे कामाला लागू. त्यानं मला करवतीनं कापायचं, तू रडायचं.”

ती काहीतरी पुटपुटली आणि मास्तर हसून हसून खुर्चीतच लोळायचे बाकी राहिले.

“काय म्हणाली?” भोंग्यानं शेजारच्याला विचारलं.

“मला काय माहीत?”

शनिवारी पाच वाजता नाट्यगृह जेमतेम अर्धं भरलं. पुटपुटीच्या गळ्याशी छोटा माईक लावला होता. विंगेत भोंगा बाळाला मांडीवर घेऊन बसला होता, आणि दाराशी व्यवस्थापक हाताची घडी घालून उभा होता. मास्तरांनी नेहमीप्रमाणे पहिल्या रांगेकडे शब्द मागितला. “मागच्यांनी रुसू नये. तुमचं तिकीट स्वस्त आहे.”

एक मावशी म्हणाल्या, “शिडी.”

दिवे लावायची शिडी कडेला होतीच. मास्तर वर चढले, पुटपुटी खाली राहिली. दोघं रंगारी, आणि भिंत नेमकी कुणाची हे दोघांनाही माहीत नाही. वीस मिनिटांत मागची रांगसुद्धा पोट धरून हसत होती.

आणि वीज गेली. डोळ्यांत बोट घातलं तरी दिसू नये असा अंधार.

माईकही बंद. पण सगळे इतके चिडीचूप झाले होते, की पुटपुटीचा खरा आवाज लोकांना पहिल्यांदाच ऐकू आला. “दादा, शिडी हलतेय.”

मास्तर काहीच बोलले नाहीत.

व्यवस्थापकानं घसा खाकरला. भोंग्यानं बाळाला घट्ट धरलं. समोरून आलेलं वाक्य मास्तरांनी असं खाली पडू दिलेलं त्यानं कधी पाहिलं नव्हतं.

शिडीची एक पायरी करकरली. मग दुसरी. मग तिसरी.

“हलणारच,” मास्तरांचा आवाज आला. “तूही वर येऊन बसलीस. आता खाली रंग कोण कालवणार, तुझा बाप?”

प्रेक्षागृह फुटलं. पुढची सात मिनिटं दोघांनी अंधारातच रेटली. ती एक वाक्य बोलायची, मग थोडी शांतता, मग मास्तरांचं उत्तर. त्या शांततेलाच लोक जास्त हसत होते. दिवे आले तेव्हा दोघं एकाच पायरीवर होते आणि मास्तरांचा हात तिच्या हातात होता. लोक उभे राहिले.

“जादूगाराला नको म्हणून कळवतो,” व्यवस्थापक आत येऊन म्हणाला. “पण तो अंधार दर शनिवारी ठेवायचा.”

रंगपटात भोंग्यानं बाळ तिच्या हवाली केलं आणि सगळ्यांसाठी चहा सांगायला पळाला. मास्तर आरशासमोर बसले होते. तोंडाचा रंग अजून पुसला नव्हता. त्यांनी उजवा तळवा उघडून मांडीवर ठेवला होता आणि त्याच्याकडे बघत होते.

“अशी हातावर अक्षरं काढायला कुठं शिकलीस गं?” त्यांनी विचारलं.

पुटपुटीनं बाळाला खांद्यावर टाकलं आणि ती आरशाच्या दिव्यांपाशी, त्यांच्या अगदी समोर येऊन उभी राहिली. मग आवाज जराही न काढता, नुसत्या ओठांनी म्हणाली,

“आईकडून. तिलाही ऐकू यायचं नाही.”