सुनावणी

शेवटच्या गल्लीच्या नळाला महिनाभर पाण्याचा थेंब नव्हता. सासूबाईंनी पाणीखात्याशी भांडून सुनावणी मिळवली आणि अख्खी गल्ली कचेरीत नेऊन बसवली. त्या बोलायला उभ्या राहतात तोच घरून सुनेचा फोन आला, "आई, नळाला धो धो पाणी आलंय!"

पाहता पाहता खुर्च्या रिकाम्या झाल्या. 'तक्रार करायला कोणीही हजर नाही' असं लिहून साहेबांनी फाईल मिटली म्हणे. इकडे घरोघरी बादल्या, पिंपं, पातेली भरली आणि नळाने मान टाकली.

"मुद्दाम सोडलं हो मेल्यांनी, आपल्याला तिथून उठवायला," सून रडकुंडीला आली.

सासूबाईंनी पदराने घाम पुसला.

"मग रडतेस काय? अर्ज लिही. दर सोमवारी सुनावणी पाहिजे म्हणावं."