पहिला बोलपट

हुदाचे तिन्ही चित्रपट मूक होते. पुण्यातल्या समीक्षकांनी त्याला शैली म्हटलं. खरं तर जन्मापासून बहिऱ्या अब्बांनाही ते सगळ्यांइतकेच कळावेत, एवढंच तिला हवं होतं. त्यांत कामही अब्बाच करत. तिनं उंचावलेला हात खाली आला, की सुरुवात होई. रमजानमध्ये अब्बा गेले. आज डिंभे धरणाच्या पाण्यावर तिच्या पहिल्या बोलपटाचं शूटिंग होतं; होडीत अब्बांचे दोस्त हौशीराम होते. हुदानं हात उंचावून खाली आणला. होडी हलली नाही. तिनं पुन्हा आणला. "ताई, तोंडानं सांगा की," माइक धरलेली आरती हसली, "मूकपट संपला आता!" हौशीरामांनी तिला गप्प केलं. "पोरी," ते हुदाला म्हणाले, "मला ऐकाया येतंय. तू बोल." हुदानं हात ओढणीत गुंडाळला. हौशीराम वल्हं धरून थांबले. शेवटी ती म्हणाली, "चला."