दोन मीटर

"अगं, जरा जवळ तरी ये," म्हातारे पलंगावरून म्हणाले आणि त्यांनी हात पुढे केला.

बाईंनी जमिनीवरच्या खडूच्या रेघेकडे पाहिलं आणि खुर्ची वीतभर मागेच सरकवली. "दोनच दिवस राहिलेत हो. आज पाचवा."

बाईंच्या गळ्यातली कर्करोगाची गाठ काढून झाली होती. आत उरलंसुरलं असेल ते जाळायला इस्पितळाने किरणोत्सारी आयोडीनची गोळी दिली, तीन दिवस खोलीत एकटं ठेवलं आणि एक छापील कागद हातात देऊन घरी सोडलं. अजून काही दिवस बाईंच्या अंगातून किरण बाहेर पडणार होते. ना दिसणारे, ना जाणवणारे. सात दिवस घरच्यांपासून दोन मीटर लांब राहा, ताटवाटी वेगळी, अंथरूण वेगळं, असं कागदावर होतं. बाईंनी तीस वर्षं शाळेत गणित शिकवलेलं. त्यांनी टेपने मोजून पलंगाभोवती रेघ आखली.

म्हातारे पंच्याऐंशीचे. हृदय थकलेलं, वर्षभर पलंगाला खिळलेले. त्यांना भरवणं, पुसणं, कुशीवर वळवणं आजवर बाईच करत. आता त्यासाठी एक मावशी ठेवल्या होत्या.

"मला वर्गाबाहेर उभं केलंस होय?" पहिल्या दिवशी म्हातारे हसून म्हणाले होते. तिसऱ्या दिवशी हसू मावळलं. "माझं काही चुकलं का गं?"

बाईंनी पुन्हा पहिल्यापासून समजावलं. म्हाताऱ्यांना ऐकू कमी यायचं. तेवढ्या लांबून सांगायचं म्हणजे ओरडावं लागे, आणि ओरडलं की त्यांना वाटे, ही रागावलीच आहे.

सहाव्या दिवशी दुपारी त्यांना धाप लागली. डॉक्टर येऊन गेले. "आता सुया टोचून हाल नकोत. कुणीतरी जवळ बसा," एवढंच म्हणाले.

म्हाताऱ्यांचे डोळे मिटलेले होते. हात चादरीवर काहीतरी चाचपडत होता. बाई रेघेवर येऊन उभ्या राहिल्या. त्यांनी एक पाऊल उचललं. मग त्यांच्या मनात आलं, आधीच दमलेल्या त्या जिवात आपल्या अंगातलं विष कशाला घालायचं? पाऊल मागे आलं. त्यांनी मावशींना खूण केली. मावशींनी तो हात आपल्या हातात घेतला.

"आलीस?" म्हातारे पुटपुटले.

"हो, आले," बाई रेघेवरून मोठ्याने म्हणाल्या.

चार वाजेपर्यंत सगळं संपलं.

पंधरा दिवसांनी बाई तपासणीला गेल्या. किरण मोजणाऱ्या माणसाने यंत्र त्यांच्या गळ्यासमोर धरलं, आकडा पाहिला आणि तो खूश झाला. नातवाच्या वयाचा असेल. "छान, आजी! आता बिनधास्त सगळ्यांच्यात मिसळा. घरी कोण कोण असतं?"

"कुणी नाही. हे होते. मी घरी आल्यावर सहाव्या दिवशी गेले." बाईंनी पदराचं टोक बोटाला गुंडाळलं. मग इतके दिवस उराशी धरलेलं विचारूनच टाकलं. "मी नियम मोडला नाही हो. बोटसुद्धा लावलं नाही त्यांना. तरी खोली एकच होती ना. माझ्यामुळे तर नाही ना गेले ते?"

"छे छे, भलतंच काय आजी!" त्याने यंत्र खाली ठेवलं आणि खुर्ची त्यांच्याजवळ ओढली. "एवढ्याशा किरणांनी अपाय झालाच, तर तो दिसायला दहा-वीस वर्षं जातात. जपायचं ते लहान मुलांना, गरोदर बायकांना. कागद आम्ही सगळ्यांना एकच देतो, इतकंच. आजोबांना काय होणार होतं? मनातून अगदी काढून टाका. अहो, शेवटपर्यंत त्यांचा हात धरून बसला असतात ना, तरी काही बिघडलं नसतं."