सहावी होडी

२०१८ साली धरणावर शिडाच्या होड्यांची शर्यत ठरली. जिंकणाऱ्याचं कसब तेवढं दिसावं म्हणून गुलाब सुताराने एकाच साच्याच्या सहा होड्या केल्या. सहावी बुधरीच्या मुलीला, करिश्माला मिळाली. होडीच्या तळाशी बसवलेले लोखंडाचे ठोकळे बुधरीला पटेनात. तिचा अख्खा जन्म खोड कोरून केलेल्या डोंग्यात गेलेला; डोंग्यात कोणी लोखंड भरतं? लोखंड तर बुडतं! शर्यतीच्या सकाळी तिने गुपचूप सगळे ठोकळे काढून पाण्यात टाकले.

वाऱ्याच्या पहिल्याच झोताला होडी उलटली. करिश्मा कशीबशी पोहत काठाला लागली.

"लोखंड कुठी गेलं? त्याच्याच वजनानं तर होडी उभी राह्यते!" गुलाब ओरडला.

"पाचात घातलं अन् सहावीत इसरला, भाऊ! ध्यान कुठी होतं तुहं?" लोक हसले.

बुधरी भिजलेल्या करिश्माला घेऊन घराकडे निघाली.



करिश्मा आता मोहर्लीच्या जंगलात गाईड आहे. गुलाबला होडीचं काम पुन्हा कोणी दिलं नाही. तो मूल गावात दारं-चौकटी करतो. आपणच विसरलो, असं आता त्यालाही वाटतं, आणि बाजारात दिसली की तो बुधरीपुढे हात जोडतो, "बाई, तुह्या पोरीचा जीव गेला असता माह्यापायी. माफ कर मले."