मधली जागा

बल्गेरियातल्या कझानलाक गावच्या इस्पितळात डॉक्टरांनी रिवाजाप्रमाणे मुलीला, रादोस्तिनाला, एकटीलाच बाहेर बोलावलं. आईच्या छातीतली गाठ आता काढण्यापलीकडे गेली होती. "आईंना काय सांगायचं ते तुम्हीच ठरवा," म्हणाले.

दुसऱ्या दिवशी अंगणात दोघी भाजलेल्या लाल ढोबळ्या मिरच्या सोलत बसल्या होत्या.

"काय म्हणाला गं डॉक्टर?"

"काही नाही गं. मेडियास्टिनमला जरा सूज आहे."

"ते काय असतं?"

"दोन फुफ्फुसांच्या मधली जागा. नुसती जागा, आई! तिथे काय होणार, कप्पाळ?" रादोस्तिनाने मिरचीवरची नजर काही वर केली नाही.

"नुसती कशी? काळीजही तिथेच असतं ना?"

रादोस्तिनाच्या हातातली मिरची फाटली. आईने पदराला हात पुसावेत तसे एप्रनला पुसले आणि लेकीच्या गालावरची काजळी हलकेच टिपली.



"तुझ्या बाबांना मीही हेच सांगितलं होतं. 'सूजच ना, उतरेल,' म्हणाले आणि मिरच्या सोलत बसले. मला मेलीला वाटलं, त्यांना पटलं!"