सोल्युशन वाळेपर्यंत

तांब्याच्या जुन्या पाइपाला पितळी जोड बसवून त्यांनी पुढे प्लॅस्टिकचा नवा पाइप सोल्युशनने चिकटवला आणि नळाला चिंधी बांधली. "सोल्युशन वाळू दे. संध्याकाळी मीच येऊन उघडतो. खबरदार तोवर हात लावलास तर!" असा दम भरून ते कामावर गेले. मागच्या खेपेला बायकोने घाईघाईत नळ सोडून स्वयंपाकघराचं तळं केलं होतं.

ती न्हाणीघरातून बादल्या आणू लागली. अजून आणतेच आहे.

आज लेकीला राहवलं नाही. "आई, बाबा त्या संध्याकाळी आलेच नाहीत. चार वर्षं झाली त्यांना जाऊन. उघड तो नळ!"

तिने बादली खाली ठेवली.



"होते तोवर त्यांचं काही म्हणून ऐकलं नाही गं मी. हे एवढं तरी ऐकू दे."