शिट्टीची चाल

पडदा चौथ्यांदा वर गेला, तेव्हा गायकांनी टिलच्या आईला हाताला धरून रंगमंचावर नेलं. टिल चार वर्षांपूर्वी अपघातात गेला होता. त्याच्या कागदांत सापडलेल्या ऑपेरासाठी आज बर्लिनमधलं अख्खं नाट्यगृह उभं राहून टाळ्या पिटत होतं.

पहिल्या रांगेत त्याचे संगीताचे गुरू, प्रोफेसर हेनिंग बसले होते. ऑपेरा खरं तर त्यांचाच होता. बारा वर्षं खपून लिहिलेला, आणि स्वतःच्या नावाने पाठवला तेव्हा तीनदा परत आलेला. शेरा एकच: 'सिनेमावाल्याचं काम.' एका सिनेमातल्या शिट्टीच्या चालीने हेनिंग घरोघर पोचले होते, आणि त्या चालीपायीच ऑपेरावाले त्यांना दारात उभं करत नव्हते. म्हणून त्यांनी मेलेल्या शिष्याचं नाव घातलं, आणि त्याच्या कागदांत सापडला असं सांगितलं. गाजला की खरं सांगू, मग बघू एकेकाची तोंडं!

पडदा पडताच ते तरातरा विंगेत गेले. टिलची म्हातारी आई फुलं घेऊन उभी होती.

"बाई, मला लोकांना सांगायचंय. हा ऑपेरा टिलचा नाही."

"माहीत आहे," ती म्हणाली. "ऑपेरा ऐकताना त्याला झोप यायची. शिट्टी मात्र छान वाजवायचा. तुमची ती चाल तो माझ्या स्वयंपाकघरात वाजवायचा, तुमचा सिनेमा यायच्या दोन वर्षं आधी. त्याच्या हातची वही आहे माझ्याकडे."

पडदा पुन्हा वर जाऊ लागला. तिने हेनिंगचा दंड घट्ट धरला.

"चला, प्रोफेसर. माझ्या मुलासाठी टाळ्या वाजवा."